चोराला शिवायचं न्हाई

मंडळी, आज डोकं लई तापलंय.

मी बीडच्या ठाण्यात निजाम सरकारचा नवा शिपाई. महारवाड्यातला पहिलाच. दुपारी चकलांब्याच्या एका बैलचोराला अदालतीत न्यायचं काम माझ्याकडं आलं. दोरी बांधाया गेलो तर चोरच वरडला, "शिवू नको, बाटवशील!"

ठाण्याचे जमादार हसले. "दूर हो बे. मोकळाच ने त्याला."

चोर पुढं, मी लांबून मागं. भर बाजारात तो गल्लीत शिरला आन पळाला.

आता तेच जमादार म्हनतात, "सोडलास काहून? वर्दी उतरव."

दुसऱ्याचा बैल हाकलताना चोराचा धरम बाटला न्हाई, माझ्या हातानं बाटनार होता. तो धरम जमादारानं सांभाळला. मग वर्दी मी काहून उतरवायची?