अपिलावर सही करायला गोंदियाला

कोहमाऱ्याच्या फाट्यावर ऑटोतून उतरले आणि तिथेच थबकले. रस्ता ओलांडून गोंदियाची एसटी धरायची होती. तीन वर्षांपूर्वी याच ठिकाणी एका ट्रकने मला उडवलं होतं, तेव्हापासून डाव्या पायात सळई आहे. महामार्ग रुंद करायचं काम चाललं होतं. सगळीकडे धूळ, आणि तिच्यातून ट्रक एकदम अंगावर येत.

सोबत शेजारची सुमनबाई होती, माझ्याहून दहा वर्षांनी मोठी. माझा नवरा मळणीत अडकला होता, म्हणून ती आली.

"चाल ना व मंदा, कायले उभी राहिली?"

"बाई, मले भेव लागून राहिला."

"मलेई लागते. हात धर."

ती पळाली, मी फरफटले. ढाब्यावरची माणसं चहा सोडून बघत होती. बघोत बापडी.

एसटीत मी खिडकी सोडून आत बसले. बाहेर कापलेल्या बांध्या (बांध घातलेली धानाची खाचरं) आणि पुंजणे (पेंढ्यांचे ढीग) मागे जात होते. एरवी हे पाहायला मला फार आवडतं. त्या दिवशी माझे डोळे चालकाच्या पाठीवरून हलेनात. गोरेगावच्या अलीकडे बैल आडवा आला, करकचून ब्रेक लागला आणि मी शेजारच्या अनोळखी काकाजींचा दंड गच्च आवळला.

"सोडा ना बाई," ते म्हणाले. "बैल होता, वाघ नोता."

सगळी गाडी हसली. मीही हसले, पण गोंदिया येईपर्यंत पुढच्या सीटची दांडी सोडली नाही.

गोंदिया म्हणजे अर्धी हिंदी बोलणारं गाव. पोह्यांवर झणझणीत रस्सा ओतताना पोहेवालाही "तर्री ज्यादा?" असंच विचारतो. मी प्लेटला हातही लावला नाही. सुमनबाईने स्वतःची प्लेट संपवली, मग माझी ओढली. म्हणाली, "कोर्टाले भेवाचं, पोह्यायले कायले?"

भीती कसली ते सांगते. अपघाताच्या न्यायाधिकरणाने मला भरपाई दिली होती, पण काही न कमावता घरी बसणाऱ्या बाईच्या हिशेबाने. तेवढ्यात दुसरं ऑपरेशन होत नव्हतं, आणि ते झालं नाही तर पाय असाच आखडून राहील असं डॉक्टरांनी सांगितलं होतं. चूक माझीच. साक्षीच्या वेळी विमा कंपनीच्या वकिलाने विचारलं, "तुम्हाला मजुरी कोण देतं?" मी मान ताठ करून म्हणाले, "कोणी नाही. मी कोणाच्या मजुरीला जात नाही." खोटं नव्हतं ते. आमच्याकडे लहान शेतीवाल्या बायका एकमेकींच्या बांधीत पाळीने रोवणी (धानाची लावणी) करतात. आज तुझ्याकडे, उद्या माझ्याकडे. पैसा मध्ये येतच नाही. कागदावर मात्र लिहिलं गेलं, कमाई नाही. तोरा नडला, दुसरं काय!

कोर्टाजवळच्या ऑफिसात माझ्या वकीलसाहेबांनी अपिलाचे कागद पुढे सरकवले. "नागपूरला हायकोर्टात जाऊ. लेकिन सोच लो, बाई. कंपनीनेही अपील केलं, तर मिळालं आहे तेही कमी होऊ शकतं."

पेन हातात होतं, ते मी खाली ठेवलं. आहे तेही गेलं तर? घरी काय तोंड दाखवू? "राहू द्या साहेब," मी म्हणाले. "पाय आहे तसा आहे."

साहेबांनी फाईल पुन्हा उघडली. "मग ही तीन वर्षं तुमच्या शेतात रोवणी कोणी केली?"

"बाया येतात. माझी कीव येते त्यांना."

"कीव कायची?" सुमनबाई एकदम बोलली. "दिवसाच्या बदल्यात दिवस द्याच लागते, साहेब. हिचे दिवस मी फेडून राहिली ना. ज्या बाया हिच्या बांधीत येतेत, त्यायच्याकडे एक दिवस मी माझा देतो, अन् एक हिच्या नावाचा, तोई मीच."

मला काहीच ठाऊक नव्हतं. तीन पावसाळे मी बांधावर बसून बायांना चहा दिला होता आणि मनातल्या मनात त्यांचे आभार मानले होते. साहेबांनी चष्मा काढून ठेवला. "म्हणजे यांच्या दिवसाला मोल होतं. बाई, हे तुम्ही शपथेवर सांगाल?" ती हो म्हणाली. मी पेन उचललं आणि सही केली. अक्षर वेडंवाकडं आलं.

परतीच्या गाडीत सुमनबाई पुढच्या सीटला डोकं टेकून बसली होती. दर वळणाला तिची कंबर दुखायची, ती तळव्याने दाबायची. तिच्या कंबरेकडे इतक्या वर्षांत माझं लक्षच गेलं नव्हतं. अपिलाचं काय होईल कोण जाणे. जाताना मी माझ्या पायासाठी भीत होते; येताना या बाईची कंबर मोडली तर काय, या विचाराने जीव धास्तावला.

"मले सांगितलं काऊन नाही, बाई?"

तिने डोकं वर केलं नाही.

"सांगितलं असतं, त तू हा पाय घेऊन चिखलात उतरली असती."

उतरलेच असते.