बॅटला ओठ नसतात

सेथला आम्ही गुरुवारी चॅपेलमागच्या उतारावर पुरलं. पाद्रीबाबा म्हणाले की सेथ ऑल्डरॉइडने आधी यष्ट्यांमागे आणि मग पंचाच्या पांढऱ्या डगल्यात उभं आयुष्य काढलं, पण एकही चुकीचा निकाल दिला नाही. लोकांनी माना डोलावल्या. देवाच्या घरात वाद नको म्हणून मीही गप्प बसले. पण खोट्या स्तुतीची माझ्या नवऱ्याला चीड होती, आणि त्याची पंचगिरी कशी संपली ते मी मैदानाच्या कडेला बसून पाहिलं आहे. म्हणून लिहिते.

आम्ही दोघं एकाच गिरणीतले. साचाखात्यात सगळे साचे, म्हणजे कापडाचे माग, धडधडू लागले की शेजारणीची हाकसुद्धा ऐकू येत नसे. तिथे सगळे आवाज न काढता, नुसते ओठ हलवून बोलत आणि ओठ पाहूनच समजून घेत. आमचं लग्नही तसंच ठरलं. चार साच्यांपलीकडून त्याने ओठांनी विचारलं, मी ओठांनी हो म्हटलं. मधे त्याची मावशी उभी होती. तीही आवाज न करता म्हणाली, "आधी तोंड धुऊन ये मेल्या, मग विचार!"

पुढे काउंटीच्या क्रिकेट संघाने त्याला यष्टिरक्षक म्हणून घेतलं. उन्हाळाभर क्रिकेट, हिवाळ्यात परत गिरणीचा गोंगाट. बोटं मोडून मोडून इतकी वाकडी झाली, की प्रार्थनेला हात जोडले तरी तळवे जुळत नसत. पण त्याच्या नावाला मान होता. बॅटची कड लागल्याचं कानाने ऐकल्याशिवाय तो अपील करायचा नाही. कप्तान वैतागायचा, "अरे बाबा, ओरडायला पैसे पडतात का तुला?"

"ऐकलंच नाही, तर ओरडू कशाला?" एवढंच सेथ म्हणायचा. त्यामुळे सेथ ओरडला की पंचाचं बोट आपोआप वर जायचं.

गुडघे गेले तेव्हा तोच पंच झाला. चेंडू मोजायला आमच्या ओढ्यातले सहा गोटे खिशात ठेवायचा. सामना संपला की दोन्ही कप्तान पंचांना गुण देत, आणि त्यावरून पुढच्या साली कोणाला ठेवायचं ते हिवाळ्यात ठरे. सेथला दरवर्षी ठेवत.

त्याचे कान गेले ते आधी मला कळलं. किटली शिट्टी मारत राही आणि हा शेजारीच पेपर वाचत बसलेला. चॅपेलमध्ये गाताना अर्धी ओळ मागे राहू लागला. मी डॉक्टरांचं नाव काढलं की म्हणे, "मला सगळं कळतं. तू आत्ता काय म्हणालीस तेही कळलं."

"मी तोंड तुझ्याकडे करून बोलते म्हणून कळतं. बॅटला ओठ नसतात, सेथ."

त्याने कप खाली ठेवला. "हा मोसम जाऊ दे गं. तो डगला काढला की मी कोण? गिरणीतून आलेला एक म्हातारा." मग म्हणाला, "कड लागली की माणसाच्या तोंडावर दिसतं. बघून चालवतो मी."

त्यानंतर रोज रात्री मी एकच मागणं मागितलं: प्रभू, ह्याच्याकडून कोणावर अन्याय होऊ देऊ नकोस.

ऑगस्टमध्ये समुद्राकाठच्या मैदानावर सामना होता. वर्षातून तेवढी एक माझी सहल. सीमारेषेला टेकून कापडी खुर्ची टाकली, विणकाम काढलं. फलंदाजी करत होता राल्फ टेम्परली. चाळिशीला आलेला, केस विरळ, आणि देशभर एका गोष्टीसाठी नावाजलेला: कड लागली की पंचाकडे न बघता स्वतःच तंबूकडे चालू लागणारा. त्या वर्षी मात्र त्याच्या धावा होत नव्हत्या, काउंटी त्याला काढणार असं सगळे बोलत होते.

गोलंदाज होता नॉर्मन ग्रिब्ल, अंगाने आडवा, तोंडाने फटकळ. वारा पडलेला होता. चेंडू गेला आणि कोरडी फांदी मोडावी तसा आवाज मी माझ्या खुर्चीत ऐकला. यष्टिरक्षकाने झेल घेतला, अकराही जण ओरडले.

राल्फ हलला नाही. सेथ त्याच्या तोंडाकडे बघत राहिला, आणि मग मान हलवून म्हणाला, "नाबाद."

ग्रिब्ल कमरेवर हात ठेवून उभा. "काय हे पंचराव! कानात कापूस घातलाय का? ती पलीकडची म्हातारी ऐकून उडाली खुर्चीतून!"

मैदानात हशा पिकला. म्हातारी म्हणजे मी. सेथ हसला नाही.

षटक संपलं आणि सेथ स्क्वेअर लेगला, माझ्या बाजूला आला. माझ्याकडे तोंड केलं. कोणाला वाटलं असतं नवरा बायकोकडे बघतोय. त्याचे ओठ हलले, साचाखात्यात हलायचे तसे, मोठे आणि सावकाश: "लागली होती?"

सुई माझ्या हातात तशीच राहिली. नाही म्हटलं असतं तर त्याचा मोसम वाचला असता, कदाचित आणखी दोन. पण ह्याच ओठांनी मी त्याला एकदा हो म्हटलं होतं, आणि रात्री ह्याच ओठांनी मी देवाशी बोलते.

"हो," मी म्हटलं.

त्याने मान खाली घातली आणि यष्ट्यांकडे वळला. पुढचा चेंडू यायचा होता. दिलेला निकाल फिरवायची वेळ निघून गेली होती. राल्फने शतक केलं. लोकांनी उभं राहून टाळ्या वाजवल्या. मला नाही वाजवता आल्या.

खेळ संपल्यावर मी त्याला न्यायला गेले, तर सेथ डगला हातावर घेऊन पाहुण्या संघाच्या खोलीच्या दारात उभा. आत ग्रिब्ल बूट काढत होता.

"नॉर्मन, तो बाद होता. मला ऐकू आलं नाही. मला आता ऐकू येतच नाही. तो जागचा हलला नाही, म्हणून मी नाबाद दिलं. निवाडा चेंडूचा करायचा असतो, मी माणसाचा केला."

ग्रिब्लचा एक बूट हातातच. "अहो... कापसाचं मी आपलं गमतीत म्हटलं हो, सेथ."

"गमतीत म्हणालास, पण खरं म्हणालास." मग कप्तानाला म्हणाला, "गुण शून्य लिही. मी पण मंडळाच्या ऑफिसात कळवतो. उद्या माझ्या जागी दुसऱ्याला बोलवा."

जिन्याखाली राल्फ टेम्परली भिंतीला टेकून उभा होता. चेहरा पांढरा पडलेला. "सेथ, मी चालायला हवं होतं. मला वाटलं, तू ऐकलं असशील. बोट वर गेलं की जाईन म्हटलं."

"आणि मला वाटलं, कड लागली असती तर तू गेला असतास," सेथ म्हणाला. त्याने राल्फच्या खांद्यावर ती वाकडी बोटं ठेवली. "धावा तुझ्या नावावर राहतील. जप स्वतःला."

घरी आल्यावर त्याने गोटे खिशातून काढून खिडकीत ओळीने ठेवले. आजही तिथेच आहेत. मी थंड मटण आणि पाव वाढला. एवढे दिवस मी जेवणाआधीची प्रार्थना मोठमोठ्याने म्हणत असे, त्याला ऐकू यावी म्हणून, आणि त्याला ऐकू येत नाही हे आम्ही दोघंही बोलत नसू. त्या संध्याकाळी मी समोर बसले, त्याच्याकडे तोंड केलं आणि आवाज न काढता, नुसत्या ओठांनी प्रार्थना म्हटली.

त्याने आमेन अगदी वेळेवर म्हटलं.