बायकांची पंगत आणि हिमोग्लोबिन

बारावीला सायन्स घेतलं म्हणून घरात मला 'डॉक्टरीणबाई' म्हणून चिडवायचे. चिडवोत बापडे! रत्नागिरीच्या कॉलेजात आमच्या सरांनी एक दिवस फळ्यावर 'हिमोग्लोबिन' लिहिलं आणि त्याची फोड केली. हिमो म्हणजे ग्रीकांचं रक्त, ग्लोबिन लॅटिनमधल्या गोळ्यावरून. मी म्हटलं, इतकं भारदस्त नाव आणि अर्थ काय, तर रक्ताचा गोळा? आमच्याकडे तर नुकत्या जन्मलेल्या पोराला तसं म्हणतात. सर हसले. म्हणाले, या गोळ्याच्या पोटात लोह असतं, श्वासातला प्राणवायू तेच धरतं आणि अंगभर पोचवतं. ते कमी पडलं तर माणूस भर वाऱ्यात बसूनही धापा टाकतो.

मला वहिनी आठवली. दादा मुंबईला नोकरीला, वहिनी गावी आमच्याकडे, सातवा महिना लागलेला. विहिरीवरून कळशी आणताना मध्येच पायरीवर बसायची. ओठ, नखं सगळी पांढरीफटक. डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं होतं, हिमोग्लोबिन सहा आहे, असंच राहिलं तर बाळंतपणात ही हाताला लागायची नाही. लोहाच्या गोळ्याही दिल्या होत्या. आईने त्या फळीवर ठेवून दिल्या, कारण त्यांनी म्हणे पोर काळं होतं!

आणि जेवण? आधी पुरुषांची पंगत, मग पोरं, मग बायका. बांगड्याच्या मधल्या तुकड्या पहिल्या पंगतीतच संपायच्या. बायकांना डोकी, शेपट्या आणि उरलेलं कालवण. त्यातही सून सगळ्यात शेवटी. आमच्या घरात कुणी दुष्ट नव्हतं हो. रीत होती, बस्स. पण मला त्या दिवसांत रीत हा शब्द ऐकला तरी डोक्यात तिडीक जायची.

दादा रजेवर आला, त्या रविवारी मी बाबांच्या आणि त्याच्या शेजारी तिसरा पाट मांडला आणि वहिनीला दंडाला धरून बसवलं.

"वन्सं, नको हो," ती कुजबुजली.

"अगो, लाज आहे की नाही तुला?" आई चुलीपाशी बसून कडाडली. "पोटुशी बाई पुरुषांच्या पंगतीला?"

"लाज खाऊन रक्त होत नाही, आई!" मी दोन तुकड्या वहिनीच्या ताटात वाढल्या. "हिचं काही बरंवाईट झालं, तर तुझी रीत येणारे का पोराला पाजायला?"

बाबांचा घास हातातच राहिला. दादा खाली मान घालून बसलेला. खरं सांगते, त्याचा मला आईपेक्षा जास्त राग आला. "तू तरी बोल की रे! बायको तुझी ना?"

आपल्या ताटातली तुकडी उचलून त्याने तिच्या ताटात ठेवली. आईने कपाळाला हात लावला. वहिनी जेवली.

दादा मुंबईला गेला तरी मी रोज तो पाट मांडत राहिले. गोळ्याही मीच हातावर ठेवायची आणि ती गिळेपर्यंत समोरून हलायची नाही. आईने माझ्याशी बोलणं टाकलं. टाकलं तर टाकलं.

बाळंतपण रत्नागिरीच्या दवाखान्यात झालं, दादाही मुंबईहून आला होता. मुलगी झाली. वहिनी वाचली, पण रक्त बरंच गेलं, आणि घरच्यांपैकी कुणीतरी रक्त द्या, असं डॉक्टर म्हणाले. सगळ्यांच्या आधी आई पुढे झाली. पदर खोचून म्हणाली, "माझं घ्या. मला काय धाड भरलीय?"

नर्सने तिच्या बोटाला सुई टोचली आणि रक्ताचा थेंब मोरचुदाच्या निळ्या पाण्यात सोडला. तो तळाला गेला तर हिमोग्लोबिन पुरेसं, रक्त चालतं. दादाचा सरळ तळाला गेला. आईचा वरच तरंगत राहिला. तिने पुन्हा टोचायला लावलं. दुसराही तरंगला.

"तुमचं नाही चालणार, मावशी," नर्स म्हणाली. "तुमच्यातच नाही."

दादाचं जुळलं, त्याचं चढवलं. आई बाकावर येऊन बसली आणि इतक्या दिवसांनी पहिल्यांदा माझ्याशी बोलली.

"भाताच्या लावण्या केल्या, भारे वाहिले, तुम्हा पोरांना जन्म दिला. मग इतकी वर्षं मी चालले कशावर गो?"

मला रडू यायला हवं होतं. आला तो संताप, आणि तो अजून उतरलेला नाही.