शिबिराच्या फॉर्मवरचं 'हो'

अकरावीच्या उन्हाळ्यात मी उमरेडहून नागपूरला मावशीकडे राहायला आले, ती अंबाझरी तलावावर शिडाची नाव चालवायला शिकायला. फॉर्मवर प्रश्न होता, 'पोहता येतं का?' मी 'हो' लिहिलं. आमच्याकडे विहिरीत मुलं उड्या मारायची आणि मुली काठावरून बघायच्या. पण 'नाही' लिहिलं तर घेणार नाहीत, असं वाटलं.

पहिले दोन दिवस काठावरच गेले. गाठी मारणं, शीड चढवणं, वारा कुठून येतो ते गालाने ओळखणं. तिसऱ्या सकाळी सर म्हणाले, "आज नाव मुद्दाम उलटवायची आणि आपणच सरळ करायची." सर नौदलातून निवृत्त झालेले, त्यांचा साधा आवाजही अर्ध्या तलावाला ऐकू जाई. अंगात लाइफ जॅकेट होतं, तरी मी त्यावरून टॉवेल घट्ट लपेटून घेतला.

माझ्यासोबत नावेत बसणारी मुलगी हळूच म्हणाली, "काहून वं, थंडी वाजून राहिली का तुले?" नागपुरात, मे महिन्यात.

माझ्या घाबरण्यापायी हीसुद्धा अडचणीत येईल, हे तेव्हा डोक्यात आलं. मी हात वर केला. "सर, मले पोहता येत नाही. फॉर्मवर खोटं लिहिलं."

सर काही बोलायच्या आत तिचाही हात वर गेला. "मलेही नाही येत, सर." मग मागून आणखी एक हात, मग दोन.

सरांनी टोपी काढून डोकं खाजवलं. "लिहिताना खोटं बोललात, पाण्यासमोर खरं बोललात. बरं केलं. उद्यापासून तुम्ही पाच जण एक तास आधी यायचं."

आठवडाभर त्यांनी आम्हाला कमरेएवढ्या पाण्यात हातपाय मारायला लावलं. मग आमची नाव उलटवली. नाकातोंडात पाणी गेलं, पण दोघींनी नावेच्या तळातून बाहेर आलेल्या फळीवर चढून मागे रेटा दिला, तसं शीड पाणी निथळत वर आलं. ती हसत होती, मी खोकत होते. शिबिर संपेपर्यंत आम्ही दोघी आधाराशिवाय पोहू लागलो.

शेवटच्या दिवशी बाबा एसटीने बघायला आले. फॉर्मची गोष्ट मीच त्यांना सांगितली. ते रागावतील वाटलं होतं. पण ते म्हणाले, "मलेही येत नाही. शिकवशीन का?"

पावसाळा सरल्यावर गावच्या विहिरीत बाबा पाठीला रिकामा डबा बांधून उतरले. पोरं काठावर जमली होती. मी पाण्यात त्यांच्या पुढ्यात राहून सांगत होते, "बाबा, श्वास सोडा. पाय हलवा." आणि ते मुकाट्याने ऐकत होते.