बिनपाण्याची बाग

चावीवाल्यांना चावीवाले म्हणायचे ते गावातल्या नळांमुळे. पुरुषभर उंचीची लोखंडी चावी खांद्यावर टाकून पहाटे निघायचं, रस्त्यातली झाकणं उचलायची आणि एकेका गल्लीला पाणी सोडायचं, यात त्यांचा जन्म गेला. नोकरी सुटली, नाव मात्र चिकटलं ते चिकटलंच.

थोरली लेक दूर शहरात. दर फोनला तिचं एकच टुमणं: "दोघंच तिथं काय करता? घर विकू, इकडे या." चावीवाल्यांना जायचं नव्हतं. बायकोलाही नव्हतं. पण म्हातारपणी नुसतं "नको" म्हणून कुठं भागतं? कारण लागतं. कारण होतं परसातली बाग. "झाडांना पाणी कोण घालणार?" म्हटलं की लेक गप्प बसायची.

मग पाणीच आटलं. नळ आठवड्यातून एकदा, तोही करंगळीएवढा. गुलाब गेले, मोगरा गेला. बाग गेली की कारणही गेलं, या धसक्यानं चावीवाल्यांनी वाळवंटातल्या रानफुलांचं बी मागवलं. चांगली खतमाती उपसून टाकली, वाळू आणि खडी भरली, बी वर भुरभुरलं आणि फळीनं दाबलं.

"अहो, बाग करताय की स्लॅब टाकताय?" बायको म्हणाली.

पण काय फुललं म्हणून सांगू! पिवळं, केशरी, जांभळं. सगळी गल्ली बघायला लोटली. चावीवाले चढले हरभऱ्याच्या झाडावर. येईल त्याला सांगायचे, "उगवलं की पाण्याचं नाव नको. बी आपोआप पडतं, पुढच्या वर्षी आपोआप उगवतं. मी मेलो तरी फुलतील." लेक आली, तर तिलाही तेच ऐकवलं. जिभेला हाड नसतं म्हणतात ते खोटं नाही.

"मग आता अडलंय कुठं, बाबा?" लेकीनं विचारलं.

चावीवाल्यांनी 'येतो' म्हटल्यासारखी मान हलवली. स्वतःच्या हातानं पायावर धोंडा पाडून घेतला होता.

लेक गेल्यावर ते रोज संध्याकाळी आंघोळीचं साठवलेलं पाणी फुलांना घालू लागले. त्यांना सवय लागेल, मग आपल्यावाचून अडेल, असा वेडा हिशेब. असले लाड त्या फुलांना सोसतात होय? देठ बुडाशी काळे पडले, ताटवा आडवा झाला.

बायको परसात आली. एक रोप उचललं, ते न ओढताच हातात आलं. "अहो, इतकी वर्षं झाडांच्या आड कशाला लपायचं? आम्हाला यायचं नाही, एवढं सांगा ना तिला."

चावीवाल्यांनी तिथूनच फोन लावला. म्हणाले, आम्हाला इथंच मरायचंय. पलीकडे लेक रडायलाच लागली. "बाबा, तुम्ही मान हलवलीत म्हणून माझं राहतं घर विकून बसले मी. इथली जागा सोडून मोठी घेतली, तुमच्यासाठी. आता कसं फिरवू?"

फोन बंद झाला.

"काय म्हणाली?" बायकोनं विचारलं.

"विचारत होती, आधी का नाही बोललात," चावीवाले म्हणाले आणि पायरीवर बसले.