रक्तात वाचून घ्या
परवा दवाखान्यात स्पिरिटचा वास आला आणि आम्ही उत्तरेत राहायचो तेव्हाची, जानकीपुरमची ती सकाळ आठवली. माणसाच्या डीएनएचा नकाशा करणारे लोक कॉलनीत रक्त घ्यायला आले होते. बायकोने बाही वर केली, तेवढ्यात त्यांच्या मॅडमने विचारलं, "बिरादरी?" ही म्हणाली, "बौद्ध." "हाँ, पर उससे पहले?" नागपूर सोडलं तरी हा प्रश्न पाठ सोडत नव्हता. वैतागून मी म्हणालो, "चल, उठ. नाही द्यायचं रक्त." पण ही हलली नाही. "मॅडम, खून में सब लिखा है बोलते हो ना? तो पढ़ लो." मॅडमने सुई उचलली. हिने रक्त दिलं, जात सांगितली नाही. आता ही नाही. ते रक्त अजून त्यांच्या फ्रीजमध्ये असेल. हिचं तेवढंच उरलंय, आणि ते मला कोण दाखवणार?