तक्ता पाठ, पोरगी नापास

शिसारी आली मला त्या भरती अकॅडमीच्या सरांची. करावेकरांनो, रामराम नंतर घालते, आधी ऐका.

माझी नात प्रियांका पोलीस व्हायचं म्हणून रोज पहाटे खाडीच्या रस्त्याला पळायची. मैदान पास, लेखी पास. आज मेडिकल होतं. मी दाराशीच उभी.

डॉक्टरीणबाईंनी भिंतीवरची अक्षरं वाचायला लावली. पोरीने धडाधड म्हणून दाखवली, पार खालच्या ओळीपर्यंत. बाई म्हणाल्या, "अगं, हा तक्ता नवीन हाय. तू म्हणतेस ती अक्षरं यात नाहीतच."

झाली बाद.

रिक्षात रडत बोलली, "आजी, मला लांबचं दिसत नाही हे सरांना ठाऊक होतं. त्यांनीच तक्ता पाठ करून घेतला. घरी बोलू नको म्हणाले."

थू तुमच्या शिकवण्यावर! तेव्हाच सांगितलं असतं तर डोळ्यांचा इलाज केला असता, नाहीतर दुसरी नोकरी बघितली असती. मी शाळा धड बघितली नाही, पण न दिसणाऱ्या पोरीच्या हाती बंदूक देत नाहीत एवढं मला कळतं.

आणखी किती पोरांकडून असं पाठ करून घेतलंय?

सर याच ग्रुपवर हायत. बाकीच्यांनी हात जोडलेली चित्रं टाकू नका. उत्तर त्यांनीच द्यायचं.